ड्राफ्टमध्ये निवड झाली नाही, तर एनएफएलमधल्या कॉर्नरबॅकचं करिअर संपतं का?

नाही. (एनएफएल ही अमेरिकन फुटबॉलची व्यावसायिक लीग, ड्राफ्ट म्हणजे तिथे दरवर्षी होणारी नव्या खेळाडूंची निवड, आणि कॉर्नरबॅक म्हणजे प्रतिस्पर्ध्याचे पास अडवणारा बचावपटू.) माल्कम बटलरचं उदाहरण घ्या. मिसिसिपीतल्या व्हिक्सबर्गचा हा मुलगा. कॉलेजच्या संघातून काढल्यावर काही काळ पोपाइज या फास्ट फूड रेस्टॉरंटमध्ये काम करत होता. पुढे वेस्ट अलाबामा या छोट्या विद्यापीठाकडून खेळला. 2014 च्या ड्राफ्टमध्ये कुणी विचारलं नाही. न्यू इंग्लंड पेट्रियट्स या एनएफएल संघाने चाचणीला बोलावलं आणि तिथून तो संघात आला.

1 फेब्रुवारी 2015, सुपर बोल, म्हणजे एनएफएलचा अंतिम सामना. सिएटलचा संघ गोल लाइनपासून (जी ओलांडली की गुण मिळतात) फक्त एक यार्डावर, सामना संपायला अर्धा मिनिटही नाही. सिएटलच्या रसेल विल्सनचा पास बटलरने रिसीव्हरच्या (पास घेणाऱ्या खेळाडूच्या) पुढे घुसून पकडला आणि पेट्रियट्स 28-24 ने जिंकले. हा डाव सरावात पाहिलेला असल्याने त्याने तो आधीच ओळखला होता. नुसत्या वेगावर हे जमत नाही, असं माझं मत.

पण तीन वर्षांनी, 2018 च्या सुपर बोलमध्ये, त्याच बटलरला बचावात एकदाही उतरवलं नाही! का, ते प्रशिक्षक बेलिचिक यांनी कधी नीट सांगितलं नाही. लगेच टेनेसी टायटन्सने मोठा करार दिला, तोही मुदतीआधीच संपला. कॉर्नरबॅकच्या जागेवर नोकरीची शाश्वती विसराच.