ओडेटाला शाहीर म्हणता येईल का?

प्रश्न आमच्या इंदूरच्या रामबागेतल्याच एका कॉलेजातल्या मुलीचा. मंडळाच्या गणपतीत ती ओडेटा या अमेरिकन गायिकेवर दहा मिनिटं बोलणारे आणि पहिल्याच वाक्याला अडलीये. लिहून आणलं होतं, "ओडेटा या प्रसिद्ध लोकगायिका व नागरिक अधिकार कार्यकर्ता होत्या", आणि खाली पेन्सिलीने, "काका, लोकगायिका फार पुस्तकी वाटतं, शाहीर चालेल का? शाहीरी आणि त्यांचं गाणं एकच ना?" तोंडी सांगायला बसलो तर चहा गार झाला तरी संपेना, म्हणून लिहूनच टाकतो.

सोपं आधी. कार्यकर्ता नाही, कार्यकर्ती. हिंदीत बाईलाही कार्यकर्ताच म्हणतात, आपण इंदूरवाले ते दिवसभर ऐकतो म्हणून खटकत नाही, पुण्याची आत्या समोर बसली असली की लगेच खटकेल.

'नागरिक अधिकार' हेही हिंदीतूनच आलंय. चूक म्हणणार नाही, पण मराठीत 'अधिकार' जरा वेगळा वागतो. साहेबांच्या अधिकारात नाही म्हणतो आपण, किंवा बुवांचा ठुमरीवर अधिकार होता म्हणतो, म्हणजे एकतर सत्ता नाहीतर प्रभुत्व. जे आपलं असून भांडून घ्यावं लागतं तो हक्क. १९२७ ला महाडच्या चवदार तळ्याचं पाणी प्यायले तो पाण्याचा हक्क, तिथे अधिकार म्हणून बघ, वाक्यातला दमच जातो. आपला १९५५ चा अस्पृश्यतेविरुद्धचा कायदा आहे ना, त्याचं आताचं नावही मराठीत नागरी हक्क संरक्षण कायदा आणि हिंदीत सिविल अधिकार संरक्षण अधिनियम. तेव्हा 'नागरी हक्क' बिनधास्त लिही. आणि पुढे आंदोलन लिहिलंयस ते नको, चळवळ लिही. मराठीत आंदोलन चार दिवसांचंही असतं, चळवळ वर्षानुवर्षं चालते. २८ ऑगस्ट १९६३ ला वॉशिंग्टनला निघाला तो मोर्चा, आणि तो ज्याचा भाग होता ती चळवळ. (मोर्चा म्हटलं की इथे लोकांना आधी पार्टीचा युवा मोर्चा आठवतो, त्याला इलाज नाही.)

आता शाहीर. मूळ अरबी शाइर, म्हणजे कवी. तोच उर्दू-हिंदीत शायर झाला आणि आपल्याकडे मधे 'ह' शिरून शाहीर. सख्खे भाऊ, पण वेगळ्या घरी वाढलेले. मागे एकदा १३ एप्रिलच्या रात्री मी महूला होतो, बाबासाहेबांच्या जन्मस्थळी. दुसऱ्या दिवशी जयंती म्हणून महाराष्ट्रातून गाड्या भरभरून माणसं आलेली, रस्त्यात जिथे जागा मिळेल तिथे पेटी-ढोलकी घेऊन भीमगीतं चाललेली. एका छोट्या स्टेजवर माइकवाला पोरगा इथलाच, हिंदी बोलणारा, त्याच्या हातातल्या चिठ्ठीवर 'शाहीर' लिहिलेलं, त्याने सरळ पुकारलं, "अब शायर साहब अपना कलाम पेश करेंगे." पुढची दोन-चार माणसं मुशायऱ्यासारखी मांडी ठोकून सावरून बसली. मग सत्तरीचे एक गृहस्थ उठले, धोतर, खांद्यावर निळं उपरणं, त्यांनी डफावर अशी थाप मारली की पोरगा माइकसकट मागे सरला, आणि मागून झीलकऱ्यांचं, म्हणजे मागे सूर धरणाऱ्या साथीदारांचं, "जी जी रं जी" सुरू झालं. इर्शाद म्हणायला जागाच राहिली नाही!

तर शायर म्हटलं की शेर आणि दाद, शाहीर म्हटलं की डफ, झीलकरी आणि समोर उभं गाव. पण शाहीर म्हणजे पहिल्यापासून चळवळीतला माणूस होता असं समजू नकोस. पेशवाईतले राम जोशी, होनाजी बाळा, प्रभाकर हे सगळे शाहीरच, आणि त्यांचं नाव आज ऐकू येतं ते बरंचसं लावण्यांमुळे. आपल्या अहिल्याबाईंची गोष्ट तर माहीत असेलच, संगमनेरच्या अनंत फंदीला त्यांनी म्हणे सुनावलं की एवढी वाणी आहे ती तमाशात कशाला घालवतोस, आणि तो कीर्तनाकडे वळला. आख्यायिका आहे, पण त्यातून शाहिराची तेव्हाची जागा कळते. हा शब्द रस्त्यावर आला तो नंतर, आधी सत्यशोधक जलसे, मग आंबेडकरी जलसे, १९४४ मध्ये अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि गव्हाणकरांचं लाल बावटा कलापथक, मग संयुक्त महाराष्ट्र. आज शाहीर म्हटल्यावर जो ताठ कण्याचा माणूस डोळ्यापुढे येतो तो या लोकांनी घडवलेला. म्हणून तुला ओडेटासाठी तो शब्द सुचला, आणि त्यात तुझा कान चुकलेला नाही.

कारण बाईंचं आयुष्य बघ. ३१ डिसेंबर १९३० चा जन्म, अलाबामातलं बर्मिंगहॅम, म्हणजे वर्णभेद जिथे कायद्यानेच होता तिथला. सहा वर्षांची असताना आईबरोबर ट्रेनने लॉस एंजेलिसला निघाली, तर वाटेत कंडक्टरने येऊन सगळ्या काळ्यांना डबा सोडायला लावला. हीच आपली पहिली मोठी जखम, असं त्या पुढे सांगायच्या. शिकल्या शास्त्रोक्त पाश्चात्त्य गाणं, आवाज ऑपेराचा, आणि गायल्या काय तर कैद्यांची, मजुरांची गाणी. १९६३ च्या त्या मोर्चातही गायल्या. रोझा पार्क्स, म्हणजे बसमधली जागा गोऱ्यासाठी सोडायला नकार देणाऱ्या त्या बाई, त्यांना कुणी विचारलं तुम्हाला कुठली गाणी सगळ्यात जवळची, तर त्या म्हणाल्या, ओडेटा गाते ती सगळी.

इतकं असूनही मी शाहीर लिहिणार नाही. शाहीर रचतो. कवन त्याचं स्वतःचं असतं, शेवटच्या ओळीत बऱ्याचदा नावही घालतो. ओडेटाची ओळख रचनेची नाही, दुसऱ्यांनी, बहुतेक तर नाव-गाव नसलेल्या माणसांनी केलेली गाणी त्यांनी उचलली. बॉब डिलन या अमेरिकन गीतकार-गायकाला म्हण हवं तर शाहीर, तो रचतो, आणि त्याला लोकसंगीताकडे वळवलं तेही ओडेटाच्याच रेकॉर्डने, हे त्याने स्वतः सांगितलंय.

मग लोकगायिका? पुस्तकी आहे खरं, लोकसाहित्य-लोककला या कारखान्यातलाच माल, पण अर्थ बरोबर आहे. नाव चिकटवण्यापेक्षा मराठीत काम सांगितलेलं जास्त छान वाटतं. मी असं लिहीन: "ओडेटा लोकगीतं गायच्या आणि नागरी हक्कांच्या चळवळीत त्यांचा आवाज सगळीकडे असायचा." संपलं.

आणि त्यांची ती मजुरांची गाणी, त्यांना तू 'कार्यगीत' लिहिलंयस, ते प्लीज काढ, सरकारी योजनेचं नाव वाटतं. श्रमगीत चालेल, पण आपल्याकडे जिवंत शब्द आहे, भलरी. शेतात कापणी-खुरपणीला रांगेने बसून म्हणतात ती, एकाने उचलायची, बाकीच्यांनी ओढायची, हात त्याच तालात. त्यांचं 'वॉटर बॉय' ऐक, दगड फोडणारा माणूस पाणी घेऊन येणाऱ्या पोराला हाक मारतोय, आणि ओळ संपली की बाई गिटारवर एक फटका मारतात आणि छातीतून 'हः' असा हुंकार. घण पडतो बघ, अगदी तसा. भलरी शेतातली आणि ते खडी फोडणाऱ्यांचं, एवढा फरक आहे, तो एका वाक्यात सांगून टाक, मंडळातल्या आज्यांना पटकन कळेल.

एक राहिलं. 'शाहीरी' लिहिलंयस, ते 'शाहिरी'. शाहीर दीर्घ, पण पुढे काही लागलं की ऱ्हस्व: शाहिराने, शाहिरांचा, शाहिरी. गरीब-गरिबी सारखं.