कियान म्हणजे केवढा?

डब्लिनहून एका नव्या आईचं पत्र आलंय. बाळ मृग नक्षत्राच्या चौथ्या चरणावर जन्मलं, म्हणून पत्रिकेत अक्षर निघालं ‘की’. किरण, किशोर, किरीट ही नावं नवऱ्याला जुनाट वाटली. नेटवर शोधताना ‘कियान’ सापडलं आणि दोघांनाही एकदम पसंत पडलं. साइटवर अर्थ दिला होता, ‘देवाची कृपा (संस्कृत)’. तोच मजकूर बारशाच्या आमंत्रणात घालून फॅमिली ग्रुपवर टाकला. सासरे साताऱ्याला असतात, आयुष्यभर शाळेत संस्कृत शिकवलेले. त्यांचा उलट मेसेज आला : “सूनबाई, कियान् म्हणजे ‘केवढा?’ हे नाव आहे की प्रश्न?” त्यावर ग्रुपमध्ये सगळ्यांनी हसून घेतलं, आणि या बाईंना रडू फुटलं. नाव बदलायचं का, असं त्या विचारतायत. सासू-सासरे व्हिसा मिळाला की येणार आहेत, बारसं तेव्हाच आहे.

नाव मुळीच बदलू नका. आमंत्रणातला अर्थ तेवढा काढून टाका.

सासऱ्यांचं व्याकरण चोख आहे. ‘कियत्’ म्हणजे किती, आणि त्याचं पुल्लिंगी प्रथमेचं एकवचन ‘कियान्’. ‘कियान् कालः?’ म्हणजे किती वेळ? शेवटच्या ‘न’चा पाय मोडलेला आहे एवढाच काय तो फरक. ‘कृपा’ या अर्थाचा असा शब्द संस्कृतात नाही. मग ही कृपा आली कुठून? माझा अंदाज सांगते. जॉन या नावाचं स्कॉटिश रूप ‘इअन’. जॉनचं मूळ हिब्रू ‘योहानान’, त्याचा अर्थ ‘यहोवा कृपाळू आहे’. कुणीतरी इअनचा अर्थ उचलून कियानला डकवला असावा, पुढच्यानं त्यावर ‘संस्कृत’ असा शिक्का मारला, आणि बाकीच्यांनी डोळे मिटून उतरवून घेतलं. या साइटींवर हे सर्रास चालतं. ‘रेयांश’ म्हणजे म्हणे ‘प्रकाशकिरणाचा अंश’. संस्कृतात किरणाला रश्मी, मयूख, मरीची, अंशू असे डझनभर शब्द आहेत. त्यात ‘रेय’ कुठेच नाही. हा ‘रे’ इंग्रजीतून आलेला दिसतो. ‘मायरा’ला तर बिनदिक्कत संस्कृत ठरवतात. ते नाव इंग्लंडच्या फुल्क ग्रेव्हिल नावाच्या कवीनं (१५५४-१६२८) आपल्या कवितांसाठी घडवलेलं आहे. वाईट काहीच नाही त्यात, पण मग तसं सांगावं की!

तुमच्या कियानला उसनं संस्कृत लागतच नाही. त्याला दोन खरी घराणी आहेत.

पहिलं इराणचं. फारसीत ‘कै’ ही राजाची पदवी आणि ‘कियान’ किंवा ‘कयान’ हे तिचं अनेकवचन, म्हणजे राजे. फिरदौसीनं इ. स. १०१०च्या सुमारास पुऱ्या केलेल्या शाहनाम्यात कयानी राजांच्या कथा आहेत : कैकोबाद, कैकाऊस, कैखुश्रू. मुंबईत वाढलेल्या कुणालाही ही नावं ऐकल्यासारखी वाटतील, कारण पारशी कुटुंबांत कैखुश्रू आणि कैकोबाद पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेत. आता सासऱ्यांसाठी खास खाऊ. हा ‘कै’ आला अवेस्ता या पारशांच्या धर्मग्रंथातल्या ‘कवि’वरून. पारशांचा प्रेषित झरथुष्ट्र याला आश्रय देणारा राजा म्हणजे कवि वीश्तास्प. अवेस्तातला हा कवि आणि ऋग्वेदातला द्रष्टा ‘कवि’ एकाच मुळाचे शब्द आहेत. म्हणजे तुमचा कियान आडवळणानं का होईना, आपल्या कवीचा भाऊबंद निघाला. हे त्यांना मेसेजवर लिहू नका. फोन करा आणि विचारा, “बाबा, अवेस्ता आणि वेद यांतल्या कवीचं काय नातं हो?” पुढचा तासभर त्यांचा. जन्मभर शिकवलेल्या माणसाला चूक दाखवण्यापेक्षा कुणी विचारलेलं जास्त आवडतं, आणि मला तरी त्यांच्या त्या मेसेजात राग दिसला नाही, मास्तरकीच दिसली.

दुसरं घराणं तुमच्या दाराशीच आहे. आयरिश भाषेत ‘कीअन’ म्हणजे दूरचा, लांबचा. काळाच्या बाबतीत प्राचीन. तिथल्या पुराणकथांत कीअन हा वैद्य दीअन केख्त याचा मुलगा आणि लू या मोठ्या वीराचा बाप. (शत्रू दिसल्यावर तो डुकराचं रूप घेऊन लपतो अशीही एक कथा आहे. ती मुलगा मोठा झाल्यावर त्यालाच शोधू दे.) शाळेत त्याच्या वर्गात आणखी एखादा कीअन निघाला तर नवल वाटून घेऊ नका. तुम्ही जगावेगळं म्हणून निवडलेलं नाव तिथे घरोघरीचं आहे. उच्चारही तिथले लोक ‘कीअन’ असाच करतील, तुमचा शेवटचा लांब ‘आ’ त्यांच्या तोंडी येणार नाही. तो घरी जपा, बाहेर सोडून द्या.

स्पेलिंगचा प्रश्न तुम्ही ताजा कलम म्हणून लिहिलाय, पण माझ्या मते खरा निर्णय तोच आहे. आयरिश पद्धतीनं ‘सी’नं सुरू केलंत तर डब्लिनमध्ये कुणी अडणार नाही, पण पुण्याच्या बँकेत तो ‘सियान’ होईल आणि अमेरिकेत गेलात तर तिथेही. ‘के, आय, ए, एन’ असं साधं लिहा. आयर्लंडमध्ये तेही चालतं, ‘वेस्टलाइफ’ या आयरिश बँडचा गायक कियान ईगन तसंच लिहितो. अंकशास्त्रवाल्यांच्या नादानं दोन ‘आय’ आणि दोन ‘ए’ घालू नका, जन्मभर प्रत्येक खिडकीवर स्पेलिंग सांगत बसावं लागेल त्याला.

आयर्लंडमध्ये जन्माची नोंद तीन महिन्यांच्या आत करायची असते, तेव्हा बारशासाठी ती लांबवू नका. व्हिसाचं काही सांगता येत नाही. तुम्ही दोघं भारतीय नागरिक आहात आणि बाळाचंही नागरिकत्व भारतीय ठेवायचं म्हणता, तर भारतीय दूतावासात एका वर्षाच्या आत नोंद हवी, आणि त्याच्याकडे दुसऱ्या देशाचा पासपोर्ट नाही असं लिहून द्यावं लागतं. दोन्हीकडे स्पेलिंग अक्षरन् अक्षर एकच ठेवा. आपल्याकडे मधलं नाव वडिलांचं असतं. ते घालायचं की नाही हेही पहिल्या नोंदीआधीच ठरवा. एका कागदावर आहे, दुसऱ्यावर नाही, यातून पुढे जी पत्रापत्री होते ती नको.

आमंत्रणात एवढंच लिहा : ‘कियान : फारसीत राजे, आयरिशमध्ये प्राचीन.’ आणि सासऱ्यांची हरकत नसेल तर तिसरी ओळ त्यांच्या नावानं छापा : ‘संस्कृतात, केवढा?’ बारशाला आलेली प्रत्येक मावशी-काकू पाळण्यात डोकावून तेच तर विचारणार आहे.