पार्ल्याचा कारखाना आणि तडकलेली बिस्किटे

प्रश्न : पार्लेचे संस्थापक मोहनलाल दयाळ चौहान यांनी आधी गोळ्या-चॉकलेटे काढली आणि मग बिस्किटे, असे वाचले. थेट बिस्किटांनीच सुरुवात का केली नाही? (एक वाचक, ठाणे)

उत्तर : वाचलेत ते बरोबर आहे. चौहान मूळचे कापडाच्या धंद्यातले. गोळ्या बनवण्याचे तंत्र त्यांनी जर्मनीत जाऊन शिकून घेतले, तिथूनच यंत्रे आणली आणि १९२९ मध्ये विलेपार्ल्यात कारखाना काढला. बिस्किटे त्यानंतर साधारण दहा वर्षांनी आली. आमच्या मते हा क्रम शहाणपणाचा होता. गोळीला साखरेचा पाक, कढई आणि साचा एवढ्यावर भागते. बिस्किटाला रोज एकसारखा मैदा हवा, लांब भट्टी हवी, शिवाय माल हवाबंद ठेवायची सोय हवी. तेव्हा चांगली बिस्किटे विलायती आणि महाग असत. त्यामुळे स्वस्त देशी बिस्किटाला जागा होतीच. ‘पार्ले ग्लुको’चे ‘पार्ले-जी’ झाले ते १९८०च्या दशकात. विलेपार्ल्याचा तो जुना कारखाना २०१६ मध्ये बंद झाला.

प्रश्न : आमचे छोटे युनिट आहे. ग्लुकोज बिस्किटे भट्टीतून अखंड निघतात, पण दुसऱ्या दिवशी पाकिटात मधोमध केसासारखी चीर दिसते. पॅकिंगवाले म्हणतात, मैदा खराब. (एक वाचक, सांगली)

उत्तर : मैद्याला दोष देण्याआधी भट्टीचा शेवटचा टप्पा पाहा. कडा लवकर सुकतात, मधला भाग दमट राहतो. बिस्किट गार झाल्यावर मधला ओलावा कडांकडे सरकतो. कडा फुगू पाहतात, मध्य आकसतो आणि या ओढाताणीत चीर पडते. ती काही तासांनी किंवा दुसऱ्या दिवशी दिसते, म्हणून भट्टीवाल्याला पत्ताच नसतो.

शेवटच्या टप्प्यात आच थोडी उतरवा आणि भट्टीतून बिस्किटे नेणाऱ्या पट्ट्याचा वेग कमी करा, म्हणजे मधला भागही सुकेल. रंग आला की बिस्किट झाले, हा हिशेब इथे फसवतो. कड आणि मध्य वेगवेगळे कुटून दोन्हींचा ओलावा मोजा. सरासरी २-३ टक्के आली तरी दोन्हींत फरक मोठा असेल, तर चीर पडणारच. बाहेर आलेल्या मालावर पंखा मारू नका. भाजायला ६ मिनिटे लागत असतील, तर गार व्हायला निदान ९ ते १२ मिनिटे द्या. नंतरच पाकीट भरा. गरम भरलेल्या पाकिटात वाफ साचते आणि कुरकुरीतपणा जातो, ती तक्रार वेगळी.

मैद्याची शंका कधी घ्यावी? गोल बिस्किट भट्टीत लांबट होत असेल, आकसत असेल तेव्हा. तिथे मैद्यात प्रथिने जास्त असतात किंवा पीठ फार मळलेले असते. तूप, साखर, पाणी आधी घोटून घ्या, मैदा शेवटी घाला आणि एकजीव होताच थांबा.

प्रश्न : बिस्किटांना अमोनियाचा वास राहतो. प्रमाण कमी करू का? (एक वाचक, नाशिक)

उत्तर : आधी बिस्किटाची जाडी पाहा. अमोनियम बायकार्बोनेट, म्हणजे बिस्किट फुगवायला घालतो ती पूड, उष्णतेने पूर्ण वायूरूप होते, पण जाड आणि कच्च्या बिस्किटातून तो वायू बाहेर पडत नाही. पातळ, नीट सुकलेल्या बिस्किटात वास राहत नाही. ते पाण्यात विरघळवूनच घाला. खडा राहिला तर तिथे मोठे भोक पडते.