वडील फौजेतून निवृत्त झालेत, रात्री दचकून उठतात. कोल्हापुरात ईसीएचएसवर (माजी सैनिकांच्या आरोग्य योजनेवर) मानसोपचार मिळतो का?

हो, मिळतो. फक्त थेट मानसोपचारतज्ज्ञाकडे जाऊ नका. आधी कार्ड घेऊन इथल्या ईसीएचएस पॉलिक्लिनिकमधून रेफरल, म्हणजे तज्ज्ञाकडे पाठवल्याची चिठ्ठी घ्या, नाहीतर बिल सहसा खिशातून जातं. सासऱ्यांचे कागद मीच सांभाळते, म्हणून सांगते. सोबत घरचं कुणीतरी जाच: फौजी माणूस ‘काय झालंय मला?’ म्हणून गप्प बसतो, तेव्हा दचकणं, चिडणं, दारू असेल तर तीही तुम्हीच सांगा. आई अवलंबित म्हणून त्याच योजनेत येते. जागरणानं ती खचली असेल तर तिलाही दाखवा. वडील यायला तयारच नसतील तर टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या १४४१६ वर तुम्ही बोला, मोफत आहे, २४ तास, मराठीतही. मात्र जीव द्यायची भाषा सुरू झाली तर रेफरल वगैरे राहू द्या, तडक सीपीआर रुग्णालय गाठा.