डॉक्युमेंटरीचा एडिटर पुढे दिग्दर्शक होऊ शकतो का?

हो, आणि उदाहरण आपल्या पुण्यातलंच आहे. रीना मोहन लॉ कॉलेज रोडच्या एफटीआयआय या फिल्म संस्थेत संकलन (एडिटिंग) शिकल्या, इतरांच्या फिल्म कापल्या-जोडल्या आणि १९९०च्या दशकाच्या सुरुवातीला स्वतः ‘कमलाबाई’ ही डॉक्युमेंटरी दिग्दर्शित केली. विषय कमलाबाई गोखले, म्हणजे फाळक्यांच्या १९१३च्या ‘मोहिनी भस्मासुर’मधल्या अभिनेत्री (अभिनेते विक्रम गोखल्यांच्या आजी).

डॉक्युमेंटरीत पटकथा बऱ्याचदा एडिटिंग टेबलावरच लिहिली जाते. पन्नास तासांच्या फुटेजमधून तासाभराची गोष्ट काढणारा माणूस अर्धा दिग्दर्शक असतोच. उरलेलं अर्धं अवघड: निधी उभा करणं, कॅमेऱ्यासमोरच्या माणसाचा विश्वास मिळवणं. ते टेबलावर बसून येत नाही. शूटिंगला जायला लागा, नुसतं बघायला का होईना.