मुंबईचा विचार घडला तो फक्त कॉलेजांत का?

तुम्ही विचारलंय की मुंबई तर बंदर आणि गिरण्यांचं शहर, मग तिथलं वैचारिक वैभव एल्फिन्स्टनसारख्या कॉलेजांमुळेच आलं ना?

कॉलेजांचा वाटा मोठाच आहे. बाळशास्त्री जांभेकरांनी १८३२ मध्ये ‘दर्पण’ काढलं ते इथंच आणि १८५७ मध्ये विद्यापीठही आलं. पण त्या विद्यापीठाचा राजाबाई टॉवर आणि त्यातलं ग्रंथालय उभं राहिलं ते प्रेमचंद रायचंदांच्या देणगीतून आणि त्यांचा पैसा होता कापसाचा. अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे लँकेशायरला तिकडचा कापूस मिळेना, तेव्हा मुंबई बंदरातून जाणाऱ्या कापसाला सोन्याचा भाव आला होता. म्हणजे पुस्तकांच्या कपाटामागेही गोदीच होती.

तरी माझं उत्तर कपाटापाशी थांबत नाही. या शहराचा विचार जितका वाचला गेला, तितकाच तो ऐकला गेला. हे मी घरातून सांगतोय.

माझे आजोबा गिरणीच्या साचेखात्यात, म्हणजे कापड विणणाऱ्या मागांवर होते. काळाचौकीच्या चाळीत एक खोली आणि तीत गावचे चौदा-पंधरा जण. दिवसपाळीवाले उठले की त्याच पथारीवर रातपाळीवाले आडवे व्हायचे. खोलीत पाठ टेकायला जागा मिळायची, बसायला नाही. त्यामुळे माणसाचं जागेपण सगळं बाहेर जायचं: गॅलरीत, नाक्यावर, व्यायामशाळेत, भजनाच्या बैठकीत. आजोबांना अक्षरओळख नव्हती. रविवारी शेजारचे एक गृहस्थ जिन्याच्या पायरीवर बसून पेपर वाचायचे, अग्रलेखासकट. तेही खच्चून ओरडून, कारण साच्यांच्या खडखडाटात वर्षं काढलेल्यांचे कान मंद झालेले असायचे. एखादं वाक्य उमगलं नाही की आजोबा म्हणायचे, “परत वाच.” मग त्या वाक्यावर तासभर वाद रंगायचा. मी तेव्हा लहान होतो, पण अग्रलेख म्हणजे भांडण्यासारखी गोष्ट असते हे तिथं शिकलो.

तो रविवारसुद्धा आयता मिळालेला नव्हता. नारायण मेघाजी लोखंडे एका गिरणीत स्टोअरकीपर होते आणि जोतीराव फुल्यांच्या सत्यशोधक विचारातले. त्यांनी ‘दीनबंधु’ हे वृत्तपत्र चालवलं, १८८४ मध्ये गिरणी कामगारांची संघटना बांधली आणि १८९० मध्ये रविवारची सुट्टी पदरात पाडून घेतली. त्या सुट्टीशिवाय आमच्या जिन्यावरचं वाचन झालंच नसतं. पुढे ना. म. जोशींच्या सोशल सर्व्हिस लीगने, म्हणजे १९११ नंतर, रात्रशाळा आणि वाचनालयं थेट कामगारवस्तीत नेली.

आणि शाहिरी! अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि गवाणकर यांनी १९४४ मध्ये लाल बावटा कलापथक उभं केलं. अण्णा भाऊ वाटेगावहून आलेले, शाळा जवळपास नाहीच. पण गिरणगावच्या मैदानात त्यांचं एक कवन जे पोचवायचं, ते दहा व्याख्यानांनी पोचलं नसतं. नारायण सुर्व्यांचं तर आयुष्यच बघा. एका गिरणी कामगाराने उचलून घरी आणलेलं ते अनाथ बाळ. पुढे गिरणीत काम, शाळेत शिपाई, मग शिक्षक आणि १९९५ मध्ये परभणीच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष. त्यांच्या कवितेत जो माणूस बोलतो तो नाक्यावर उभा राहून समोरच्याशी बोलतो, कारण ती भाषा तिथलीच आहे. मला तर ही मुंबईने मराठीला दिलेली सगळ्यात मोठी देणगी वाटते.

१९८२ चा संप सुरू झाला तेव्हा अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले. त्यातले कितीतरी परत गिरणीत गेलेच नाहीत. आमच्याकडे पेपर वाचणारे गृहस्थ दुसऱ्या वर्षी कोकणात निघून गेले. पेपर नंतरही रोज यायचा, पण ज्याचा तो आपापल्या दाराआड वाचू लागला. आजोबांना वाचून दाखवायचं काम मग माझ्याकडे आलं.