वाचकांचे प्रश्न : प्रकाशयोजनेत करिअर

प्रश्न : मी सांगलीत विज्ञान शाखेच्या दुसऱ्या वर्षात शिकते. महाविद्यालयाच्या एकांकिकांची प्रकाशयोजना माझ्याकडे असते. पुढे चित्रपट आणि संगीताचे मोठे कार्यक्रम यांसाठी हेच काम करण्याची इच्छा आहे. घरच्यांना मात्र हे वायरमनचे काम वाटते. कोणते शिक्षण घ्यावे आणि यावर चरितार्थ चालेल का?
— एक वाचक, सांगली

उत्तर : आपण जे क्षेत्र एक समजत आहात, त्यात प्रत्यक्षात तीन वेगळी कामे आहेत. चित्रपटात प्रकाशाचा निर्णय छायाचित्रण दिग्दर्शकाचा असतो आणि त्याच्या मनातला उजेड गॅफर, म्हणजे दिव्यांच्या चमूचा प्रमुख, आपल्या लाईटमनकडून उभा करून घेतो. लायटिंग डिझायनर असे स्वतंत्र पद तेथे सहसा नसते. चित्रपटात नृत्याचा किंवा मैफलीचा रंगमंच दाखवायचा असेल, तेव्हा मात्र रंगमंचाच्या जाणकाराला बोलावले जाते. संगीताच्या कार्यक्रमात फिरत्या दिव्यांचे सर्व क्यू, म्हणजे कोणत्या क्षणी कोणता प्रकाश बदलायचा याच्या सूचना, आधी कन्सोलवर (दिव्यांच्या नियंत्रण-पटावर) बसवावे लागतात. तेथील डीएमएक्सच्या (कन्सोलकडून दिव्यांना आज्ञा पोहोचवणाऱ्या पद्धतीच्या) एका लाईनवर ५१२ चॅनेल, म्हणजे आज्ञांच्या वाटा, असतात आणि एकाच फिरत्या दिव्याला वीस-पंचवीस चॅनेल लागू शकतात, त्यामुळे हिशेब चोख असावा लागतो. नाटकात प्रकाशयोजनाकार दिग्दर्शकाच्या आणि नेपथ्यकाराच्या बरोबरीने संहितेचा अर्थ लावतो, आणि एकदा टांगलेल्या दिव्यांतच सकाळ, संध्याकाळ, घर, रस्ता असे सारे त्याला भागवावे लागते.

माझे स्पष्ट मत असे की, सुरुवात नाटकापासूनच करावी. १८४३ साली विष्णुदास भावे यांनी ‘सीतास्वयंवर’ आपल्याच सांगलीत सादर केले, तेव्हा विजेचा दिवा नव्हता. आज त्यांच्याच नावाचे नाट्यमंदिर आपल्या शहरात आहे. राज्य नाट्य स्पर्धेत प्रकाशयोजनेला स्वतंत्र पारितोषिक असते. स्पर्धेच्या काळात रोज वेगळा संघ येतो आणि दिवे लावायला मोजकेच तास मिळतात. अशा वेळी कोणत्याही संघाला हातभार लावायला जावे, कारण थोड्या सामग्रीत प्रसंग कसा उभा राहतो हे तेथे जितके दिसते तितके वर्गात दिसत नाही. बंगाली रंगभूमीवर तापस सेन यांनी ‘अंगार’ या नाटकात (१९५९) कोळशाच्या खाणीत पाणी भरत जाण्याचे दृश्य प्रकाशातून साकारले, आणि त्या दृश्याची चर्चा आजही होते. प्रकाश नाटकाचा अर्थ किती वाहून नेऊ शकतो, हे त्यावरून घरच्यांना सांगता येईल.

तरीही वायरमनच्या कामाला कमी लेखू नये, अशी माझी आग्रहाची विनंती आहे. एक हजार वॅटचा दिवा २३० व्होल्टवर सुमारे साडेचार अँपिअर वीज ओढतो, म्हणजे पंधरा अँपिअरच्या पॉइंटवर असे तीन दिवे चालतात आणि चौथा लावला की भार मर्यादेबाहेर जातो. गावोगावच्या यात्रेतील मंचावर, जनरेटरवर आणि ओल्या जमिनीवर काम करताना अर्थिंग तपासणे हा कलावंतांच्या जिवाचा प्रश्न असतो. जमल्यास आयटीआयमधील इलेक्ट्रिशियनची मूलभूत पुस्तके वाचून काढावीत. विज्ञान शाखेचाही येथे उपयोग होईल : प्रकाशाची रंगछटा केल्व्हिनमध्ये मोजतात; टंगस्टनच्या (तारेच्या) दिव्याचा पिवळसर प्रकाश साधारण ३२०० केल्व्हिनचा आणि दिवसाचा सुमारे ५६०० केल्व्हिनचा असतो; दोन्ही एकत्र आले तर डोळा सांभाळून घेतो, कॅमेरा सांभाळून घेत नाही. चित्रपटाकडे वळायचे असेल तर हा भाग पक्का हवा.

पदवी पूर्ण केल्यानंतर दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम, पुणे विद्यापीठाचे ललित कला केंद्र किंवा मुंबई विद्यापीठाचा नाट्यविभाग यांचा विचार करावा. छायाचित्रणाची ओढ अधिक असेल, तर पुण्याची फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट आहे. पदवीआधी मात्र शिक्षण सोडू नये.

चरितार्थाविषयी सांगायचे तर, हे बहुतेक ठिकाणी प्रयोगागणिक किंवा दिवसागणिक मानधनाचे काम आहे. हंगामात रात्रीचा दिवस करावा लागतो आणि पावसाळ्यात हात रिकामे राहतात, म्हणून पहिली काही वर्षे एखाद्या लाईट पुरवठादाराकडे नियमित काम धरावे; तेथे नवी सामग्रीही हाताळायला मिळते. वाईच्या परिसरात चित्रीकरणे होत असतात, त्यामुळे गॅफरच्या हाताखाली उमेदवारी करण्यासाठी लगेच मुंबई गाठण्याची गरज नाही. प्रत्येक नाटकाचा दिव्यांचा आराखडा, क्यूंचा तक्ता आणि छायाचित्रे तारीखवार जपून ठेवावीत. प्रवेशाच्या मुलाखतीत आणि काम मागताना ती दाखवता येतील.